सेव्ह आधी, डिस्क नंतर : पीएसपीच्या बॅकअपबद्दल थोडं उलटं बोलणं

आजचा विषय फलकावर वाचून काही जणांच्या कपाळाला आठी पडली असेल. व्याख्यानमालेत हा खेळण्याचा विषय कुठून आला? पण मागच्या हिवाळ्यात आमच्याकडे एक वस्तू आली आणि तिनं आम्हाला बरेच दिवस सोडलं नाही. आधी तिची गोष्ट सांगतो, मग मुद्द्याकडे येतो.

आमच्या एका स्नेह्यांनी दिवाळीची साफसफाई करताना माळ्यावरून एक पिशवी काढली. आत सोनीचा पीएसपी, अगदी पहिलं, जाडसर मॉडेल. सोबत चार डिस्का, एक चार्जर आणि एक मेमरी स्टिक. मागचं झाकण बसत नव्हतं, कारण बॅटरी फुगली होती. लिथियमची बॅटरी पंधरा-वीस वर्षं पडून राहिली की बरेचदा असं होतं. ती आम्ही जपून बाहेर काढली आणि ई-कचऱ्यात दिली. हे मॉडेल बॅटरीशिवाय नुसत्या चार्जरवरही चालतं, म्हणून काम अडलं नाही. मशीन स्नेह्यांच्या मुलाचं. तो आता परगावी नोकरीला आहे. त्याला फोन लावून विचारलं, ‘काय काय जपून ठेवायचं यातलं?’ तो म्हणाला, ‘काका, गेम राहू द्या. माझा सेव्ह आहे का तेवढा बघा.’

आज आपल्याला जे म्हणायचं आहे ते सगळं या एका वाक्यात आहे. फेरफार केलेल्या हँडहेल्डवरून आपला संग्रह उतरवून कसा घ्यायचा, याची मार्गदर्शनं भरपूर मिळतात आणि त्यातली बरीचशी तांत्रिकदृष्ट्या चोखही असतात. पण त्यांचा क्रम ठरलेला असतो. आधी डिस्का, मग डाउनलोड केलेले गेम आणि वेळ उरलाच तर सेव्ह. आमचं म्हणणं असं की हा क्रम उलटा पाहिजे. आणि तो उलटा का पाहिजे हे बघू लागलो, की कंपनीचं वागणं, कायद्याची भाषा आणि आपली स्वतःची हाव, या तिन्हींकडे जरा वेगळ्या नजरेनं बघावं लागतं.

ज्यांनी ही वस्तू हातात घेतलेली नाही त्यांच्यासाठी थोडी ओळख. प्लेस्टेशन पोर्टेबल, म्हणजे पीएसपी, जपानमध्ये १२ डिसेंबर २००४ ला आला, अमेरिकेत मार्च २००५ मध्ये. साडेसात कोटींहून जास्त मशीन्स बाजारात गेली. त्याचे गेम यूएमडी नावाच्या डिस्कवर यायचे. ६० मिलिमीटर व्यासाची चकती, प्लॅस्टिकच्या कवचात बंद केलेली. दोन थरांच्या चकतीत १.८ गिगाबाइट मावायचे. आणि अमेरिकेत सुरुवातीला जो संच विकला गेला, त्यात सोबत दिलेली मेमरी स्टिक होती ३२ मेगाबाइटची. हे दोन आकडे शेजारी ठेवून बघा. कंपनीचा गेम मावायला १.८ गिगाबाइट आणि खेळणाऱ्याचं स्वतःचं सगळं मावायला ३२ मेगाबाइट. अर्थात सेव्हला जागा फार लागत नाही, त्यामुळे एवढ्यात भागायचं. पण खेळणाऱ्याकडून किती लिहिलं जाणं अपेक्षित होतं, हे त्यावरून कळतं.

आता अडचणीचा भाग. यूएमडी वाचणारं यंत्र जगात एकच, तो पीएसपी. सीडी असो, डीव्हीडी असो, कुठल्याही संगणकात घातली की निदान आत काय आहे ते दिसतं. यूएमडीसाठी संगणकाला जोडायचा ड्राइव्ह सोनीनं कधी विकलाच नाही. म्हणजे चकती तुमची, पैसे तुम्ही मोजलेले, पण ती उघडायची किल्ली एकाच जातीच्या यंत्रात. त्या यंत्राची निर्मिती २०१४ मध्ये थांबली. आतली लेझरची काच म्हातारी होते, चकतीच्या कवचाचा डिंक सुटतो, पारदर्शक खिडकी निखळते. आमच्यासमोरच्या चारपैकी एका डिस्कचं कवच उघडंच पडलं होतं.

मग चकतीतला मजकूर बाहेर काढायचा कसा? मूळ मशीन ते करू देत नाही. त्यात फेरफार करावाच लागतो. म्हणजे सोनीनं घातलेल्या सॉफ्टवेअरच्या जागी किंवा त्याच्यावर दुसरं सॉफ्टवेअर बसवायचं. त्याला कस्टम फर्मवेअर म्हणतात. ते बसवलं की पडद्यावरच्या एका छोट्या मेनूत एक पर्याय मिळतो. यूएसबीची तार जोडल्यावर संगणकाला मेमरी स्टिक दाखवायची की आत घातलेली डिस्क, ते तिथे निवडता येतं. डिस्क निवडली की संगणकावर एक आयएसओ फाइल दिसते. ती ओढून फोल्डरमध्ये टाकायची. झाली प्रत. सगळा खटाटोप आहे तो त्या मेनूपर्यंत पोचण्याचा.

तिथे लोक कसे पोचले, हा इतिहास आपल्या मुद्द्याशी जोडलेला आहे, म्हणून दोन मिनिटं घेतो. जपानमधल्या अगदी पहिल्या आवृत्तीवर बाहेरचा प्रोग्रॅम विनासायास चालत असे. मग दारं बंद होत गेली आणि लोक फटी शोधत गेले. एकदा टिफ जातीच्या चित्रातून वाट सापडली. एकदा ‘ग्रँड थेफ्ट ऑटो : लिबर्टी सिटी स्टोरीज’मधून, एकदा ‘ल्युमिनेस’मधून. २००७ मध्ये तर बॅटरीतूनच सापडली. बॅटरीच्या आत एक अनुक्रमांक असतो. तो एका विशिष्ट पद्धतीनं बदलला की मशीनला वाटतं आपण दुरुस्ती केंद्रात आहोत, आणि ते मेमरी स्टिकवरून सुरू होतं. या बॅटरीला लोकांनी नाव दिलं ‘पँडोरा’.

यातली लिबर्टी सिटी आणि ल्युमिनेसची वाट कुठून गेली ते बघा. सेव्हमधून! गेमनं विश्वासानं वाचायची फाइल म्हणजे सेव्ह. तिच्यात मुद्दाम वेडंवाकडं काही भरलं, गेम ती वाचायला गेला आणि अडखळला, आणि त्या अडखळण्यातून लोक आत शिरले. हा निव्वळ योगायोग आहे असं आम्हाला वाटत नाही. विकत घेतलेल्या गेममध्ये बाकी सगळं कंपनीनं लिहिलेलं असतं, त्यावर कुलूप असतं, शिक्का असतो. खेळणारा स्वतः जिथे काही लिहितो अशी जागा एकच, सेव्ह. साहजिकच कुलूप तिथे सैल होतं.

म्हणून सेव्हला आम्ही गेमचा पुरवणी भाग मानत नाही. या सगळ्या व्यवहारात खेळणाऱ्याच्या हातचं अक्षर असेल तर तेवढंच आहे. डिस्कवरचा गेम लाखो लोकांकडे तोच, अक्षरन्अक्षर तोच. ‘मॉन्स्टर हंटर’मध्ये कुणी शेकडो तास घातले, कुठलं शस्त्र घडवलं, खेळाडूला काय नाव दिलं, हे जगात एकाच मेमरी स्टिकवर असतं. ती स्टिक गेली की ते गेलं. ते दुसरीकडे कुठे शोधणार? आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार?

आता गंमत पाहा. मार्गदर्शनांत ज्याला शेवटचं स्थान आहे तो सेव्ह उतरवणं सगळ्यात सोपं. त्याला फेरफार लागत नाही, काही लागत नाही. मेमरी स्टिक संगणकाला जोडा, ‘पीएसपी’ फोल्डरमध्ये ‘सेव्हडेटा’ नावाचा फोल्डर असतो, तो उचला. आत प्रत्येक सेव्हचा वेगळा फोल्डर, त्याच्या नावात गेमचा क्रमांक. बहुतेक सेव्ह दुसऱ्या पीएसपीवर नेऊन टाकले तरी चालतात, कारण कुलूप गेमचं असतं, त्या एका मशीनचं नसतं. या बाबतीत सोनीनं उदारपणा दाखवला हे कबूल करायला पाहिजे. नंतरच्या काही हँडहेल्डवर सेव्ह मशीनला असे बांधून टाकले गेले, की फाइल नुसती कॉपी करून ठेवली तर ती असून नसल्यासारखी. पीएसपीवर पाच मिनिटांत होणारं काम लोक शेवटाला ठेवतात, ते केवळ सवयीपोटी.

ही सवय लागली कुठून? आमच्या मते ‘बॅकअप’ या शब्दाचा अर्थ घसरला, तिथून. आपल्याकडे पीएसपी घेतला की दुकानदार विचारायचा, ‘गेम भरून देऊ?’ पन्नास गेम भरून मिळायचे. त्यातला एकही घेणाऱ्यानं विकत घेतलेला नसायचा आणि त्यालाही बॅकअपच म्हणायचे. आजही कुणी सगळ्याच्या सगळ्या पीएसपी गेमांचा ढीग उतरवून हार्ड डिस्कवर ठेवतो आणि सांगतो, ‘माझ्या संग्रहाचा बॅकअप आहे.’ अहो, तुमच्याकडे नव्हतंच त्याचा बॅकअप कसला? ती साठेबाजी झाली. साठेबाजीला कुणी जतन म्हणू नये, एवढंच आमचं म्हणणं. आम्ही सोवळे आहोत असा याचा अर्थ नाही. त्या काळात भरून घेतलेले गेम आमच्याही ओळखीच्या घरांत होते. पण समीक्षा करायची तर शब्द नीट वापरले पाहिजेत. स्वतःकडे असलेल्या वस्तूची, ती खराब होईल या काळजीनं केलेली प्रत, तो बॅकअप.

एका हाताला ही हाव. दुसऱ्या हाताला कंपनी. तिचंही माप नीट मोजलं पाहिजे. ऑक्टोबर २००९ मध्ये पीएसपी गो आला. त्यात यूएमडीची खोबणच नव्हती. आत १६ गिगाबाइट जागा, गेम फक्त डाउनलोड करून घ्यायचे. ज्यांच्याकडे डझनभर डिस्का आहेत त्यांनी काय करायचं? डिस्कच्या बदल्यात डाउनलोड देण्याच्या योजनेचा विचार झाला होता, पण कायदेशीर आणि तांत्रिक कारणं सांगून ती मागे घेतली गेली. पुढे २०११ च्या अखेरीस व्हिटा हे मशीन आलं तेव्हा जपानात ‘यूएमडी पासपोर्ट’ नावाची सोय निघाली. आपल्या डिस्कची नोंदणी करायची आणि थोडे पैसे भरून तोच गेम डाउनलोड करायचा. अमेरिकेत, युरोपात ती आलीच नाही. म्हणजे डिस्कवरून फाइलकडे जायची गरज खरी आहे, हे कंपनीला मान्य होतं. पण ती गरज भागवायची कुणी, कुठे आणि किती पैशांत, हे ठरवायचा हक्क तिनं आपल्याकडे ठेवला.

मार्च २०२१ मध्ये सोनीनं जाहीर केलं की प्लेस्टेशन ३, व्हिटा आणि पीएसपी यांची ऑनलाइन दुकानं बंद होणार. ओरड झाली. एप्रिलमध्ये कंपनीनं पहिल्या दोघांचा निर्णय फिरवला. पीएसपीचा नाही. जुलै २०२१ मध्ये पीएसपीवरून खरेदी थांबली. तेव्हा पंधरा वर्षं जपून डिस्का ठेवणारा ग्राहक आज यंत्रात फेरफार करतो, तर त्याला चटकन चोर म्हणू नका. चोरांनी आपले गेम केव्हाच मिळवले. कुलूप आडवं येतं ते पैसे मोजून घेतलेल्याला. चोर सोडून संन्याशाला सुळी, ती हीच.

कायदा काय म्हणतो, हे प्रश्नोत्तरांत हमखास येतं, म्हणून आत्ताच बोलून टाकतो. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात कलम ५२ आहे, हक्कभंग कशाला म्हणायचं नाही याची यादी. त्यात संगणक प्रोग्रॅमची प्रत कायदेशीरपणे बाळगणाऱ्याला, ती हरवू नये किंवा खराब होऊ नये म्हणून, तात्पुरतं संरक्षण एवढ्याच हेतूनं बॅकअप प्रत करायची मुभा आहे. २०१२ च्या दुरुस्तीनं कलम ६५अ आलं. तांत्रिक कुलूप तोडणं तिथे गुन्हा ठरतं, पण ‘हक्कभंग करण्याच्या हेतूनं’ तोडलं तर. हेतूची ही अट महत्त्वाची आहे. अमेरिकेच्या १९९८ च्या कायद्यात कुलूप तोडणं हाच स्वतंत्र गुन्हा आहे, मग हेतू जतनाचा का असेना. तिथे दर तीन वर्षांनी अपवाद मागावे लागतात. ऑक्टोबर २०२४ मध्ये ग्रंथालयांनी आणि संग्रहालयांनी जुने गेम संशोधकांना दुरून बघू देण्याची परवानगी मागितली होती, ती नाकारली गेली.

आपला कायदा त्या मानानं समंजस आहे. पण त्यातही एक गाठ आहे. मुभा ‘प्रोग्रॅम’ला आहे. गेममध्ये प्रोग्रॅमसोबत चित्रं असतात, संगीत असतं, अभिनय असतो. त्यामुळे ‘कायदा आमच्या बाजूनं आहे’ असं छातीठोकपणे सांगणाऱ्यांनी जरा दमानं घ्यावं. एक मात्र स्पष्ट आहे. प्रत स्वतःपुरती, आपल्याजवळच्या डिस्कची. ती मित्राला दिली किंवा डिस्क विकून फाइल ठेवली, की ही मुभा संपली.

आता तुम्ही म्हणाल, मग डिस्का उतरवायच्याच नाहीत का? तर तसं नाही. आमच्या स्नेह्यांच्या पिशवीकडे परत या. मेमरी स्टिक जोडली, सेव्हडेटा उघडला, सात फोल्डर निघाले. डिस्का चार. म्हणजे तीन गेम असे, की ज्यांचा सेव्ह आहे आणि डिस्क नाही. मुलाला विचारलं तेव्हा म्हणाला, एक मित्रानं नेली ती आणलीच नाही, दोन विकल्या. त्याला हवा होता तो सेव्ह नेमका मित्रानं नेलेल्या डिस्कचा! सेव्ह हातात आहे पण उघडणार कशात? जुन्या बाजारातून तीच डिस्क घ्यायची म्हटलं तर क्रमांक जुळला पाहिजे. अमेरिकी आवृत्तीचे क्रमांक यूएलयूएस किंवा यूसीयूएस या अक्षरांनी सुरू होतात, युरोपीय आवृत्तीचे यूएलईएस किंवा यूसीईएस या अक्षरांनी. एकीचा सेव्ह दुसरी सहसा ओळखत नाही. सुदैवानं क्रमांक फोल्डरच्या नावातच होता. तीन आठवड्यांनी तीच आवृत्ती मिळाली. ती मशीनमध्ये टाकली, आणि मुलानं व्हिडिओ कॉलवर २००८ मधलं आपलं अर्धवट सोडलेलं गाव बघितलं. बराच वेळ काही बोलला नाही. मग म्हणाला, ‘हे नाव आजीनं सुचवलं होतं.’

आजी आता नाहीत. आम्हीही त्यावर काही बोललो नाही.

म्हणून डिस्कही हवीच. सेव्ह हे अक्षर असेल तर डिस्क ही त्याची लिपी, लिपी गेली तर अक्षर वाचता येत नाही. पण क्रम तोच. सेव्ह एकमेव असतो, डिस्क सहसा दुसरी मिळते. जे एकच आहे ते आधी.

‘सहसा’ म्हटलं, कारण अपवाद आपल्याच घरचे आहेत. सोनीनं भारतासाठी काही गेम काढले होते. हैदराबादच्या गेमशास्त्रनं केलेला ‘देसी अड्डा’, ज्यात कबड्डी, विटी-दांडू, पतंग. मुंबईच्या ट्राइन गेम्सचा २०१० चा ‘स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स’. हे प्लेस्टेशन २ वर आले तसे पीएसपीवरही आले. जपानी आणि अमेरिकी गेमांच्या मागे जगभरचे हौशी लोक आहेत. डिस्कांच्या अचूक नोंदी ठेवणारे रीडंपसारखे प्रकल्प आहेत. पण गल्लीतल्या क्रिकेटचा गेम ज्या घरांत विकला गेला, ती घरं इथलीच. कुणाच्या माळ्यावर यातली डिस्क असेल तर ती रद्दीत घालू नका. हे गेम फार थोर होते असा आमचा दावा नाही. पण आपल्या मैदानी खेळांना हँडहेल्डवर बसवताना इथल्या लोकांनी काय केलं, काय जमलं आणि काय फसलं, हे बोलायला समोर वस्तू तर पाहिजे. वस्तूच नसेल तर समीक्षा कशाची करणार?

शेवटी कामाचं सांगतो, म्हणजे घरी जाऊन करता येईल. एक, बॅटरी फुगलेली असेल तर मशीन सुरू करायच्या आधी ती काढा. दोन, मेमरी स्टिकवरचा सेव्हडेटा फोल्डर आजच उतरवा. तीन, तुमच्या खात्यावर घेतलेले डाउनलोड गेम असतील तर ते आणि त्यांचे परवाने यांची प्रत करा, कारण तो गेम नुसत्या फाइलवर चालत नाही. चार, मग डिस्का. प्रत्येक डिस्क दोनदा उतरवा आणि दोन्ही फाइलींचा हॅश, म्हणजे फाइलीच्या मजकुरावरून निघणारा आकडा, काढून ताडून पाहा. तो वेगळा आला तर एखादं वाचन चुकलंय. पाच, प्रती दोन ठिकाणी ठेवा, त्यातली एक दुसऱ्या घरी. सहा, हे मार्गदर्शनांत क्वचित दिसतं. सोबत एक साधी मजकुराची फाइल ठेवा. डिस्कचा क्रमांक, कुठून घेतली, कोण खेळायचं, कुठल्या सेव्हमध्ये काय आहे. फोल्डरच्या नावातला क्रमांक यंत्राला कळतो. आजीनं कुठलं नाव सुचवलं होतं, ते त्यात लिहिलेलं नसतं.

आणि उघडून बघा. पीपीएसएसपीपी नावाचा मोफत एम्युलेटर २०१२ पासून आहे, तो फोनवरही चालतो आणि खऱ्या पीएसपीवरचे सेव्हही वाचतो. वर्षातून एकदा त्यात आपली प्रत चालवून पाहा. न उघडलेला बॅकअप हा नुसता विश्वास असतो.

आज इथे थांबतो. तुमच्यापैकी कुणाकडे भारतात निघालेल्या यूएमडी डिस्का असतील तर नंतर जरूर भेटा, आम्हाला त्यांचे क्रमांक लिहून घ्यायचे आहेत.